एमिल रेनोचा प्रॅक्सिनोस्कोप: बारा आरशांच्या ड्रमची बांधणी

४ ऑगस्ट २०२४. मापं

एमिल रेनो हा फ्रान्समधल्या माँत्रयचा. जन्म १८४४. आई जलरंगात चित्रं काढायची, वडील यंत्रकाम आणि पदकांवरचं कोरीवकाम करायचे. १८७६ मध्ये त्याने बिस्किटांच्या डब्यातून आपला पहिला प्रॅक्सिनोस्कोप, म्हणजे फिरत्या ड्रममधली चित्रं आरशांत हलताना दाखवणारं खेळणं केलं, १८७७ मध्ये पेटंट घेतलं आणि १८७८ च्या पॅरिस प्रदर्शनात त्याची सन्माननीय दखल घेतली गेली. पुढे २८ ऑक्टोबर १८९२ रोजी पॅरिसच्या ग्रेव्हाँ संग्रहालयात हाताने रंगवलेल्या लांब पट्ट्यांचे खेळ त्याने पडद्यावर सुरू केले. लुमिएर बंधूंचा सिनेमाचा पहिला तिकिटाचा खेळ त्यानंतर तीन वर्षांनी झाला. इतकं असूनही आपल्याकडे ॲनिमेशन शिकणाऱ्या मुलांना रेनोचं नाव क्वचितच माहीत असतं. येत्या २८ ऑक्टोबरला, म्हणजे आंतरराष्ट्रीय ॲनिमेशन दिनाला, मुलांच्या हातात देता येईल असं यंत्र उभं करायचं आहे.

त्याआधीच्या झोट्रोपमध्ये, म्हणजे फटी असलेल्या फिरत्या चित्रड्रममध्ये, फटीतून बघावं लागे. फटीमुळे उजेड कमी होई आणि चित्रं बारीक दिसत. रेनोने फटी काढून मध्यभागी आरसे उभे केले. सगळं यंत्र एका नियमावर चालतं: ड्रमच्या कडेला आतून लावलेली चित्रांची पट्टी आसापासून जितकी लांब, त्याच्या बरोब्बर निम्म्या अंतरावर आरसा हवा. मग आरशातली प्रतिमा थेट आसावर पडते. आस जागचा हलत नाही, म्हणून ड्रम फिरत असतानाही चित्र जागेवर राहतं आणि एका आरशामागून दुसरा आला की चित्र बदलतं.

आपली मापं: ड्रमचा आतला व्यास २४० मिमी, म्हणजे त्रिज्या १२०. आरशाची परावर्तनाची पातळी आसापासून ६० वर. बारा आरसे, प्रत्येकी ३२ मिमी रुंद. पट्टीची लांबी ७५४ मिमी, म्हणजे एकेका चित्राची बारा घरं आणि प्रत्येक घर ६२.८ मिमीचं. पट्टीची उंची ६० मिमी.

साध्या आरशाचा मुलामा काचेच्या मागे असतो, त्यामुळे परावर्तनाची पातळी समोरच्या पृष्ठभागावर धरून चालत नाही. २ मिमी काचेत ती समोरून साधारण १.३ मिमी आत असते. म्हणून आरशांमागच्या बारकोनी चकत्यांची समोरासमोरच्या बाजूंमधली रुंदी ११८.६ मिमी धरली.

११ ऑगस्ट. तळ, आस, बेअरिंग

तळासाठी १२ मिमी प्लायची २४० व्यासाची चकती पुण्यात भवानी पेठेतल्या टिंबर मार्केटमधून गोल कापून आणली. जिगसॉने कापलेली चकती वापरू नका. कड एक मिलिमीटरनेही लंबगोल झाली की पट्टीचं अंतर फिरताना बदलत राहतं.

आस फिरता ठेवायचा नाही. तो स्थिर राहील आणि ड्रम त्याच्याभोवती फिरेल. रेनोच्या खेळण्यातही मधला दांडा स्थिर असे आणि त्याच्या टोकाला मेणबत्ती व तिच्यावर झाकण बसे. उजेड मध्यभागी असला की पट्टीच्या आतल्या बाजूवर पडतो आणि झाकणामुळे डोळ्यात जात नाही. आपल्याला वर एलईडी लावायचे आहेत, म्हणून आसासाठी टेबललॅम्पमध्ये असते ती १० मिमीची पोकळ, आट्यांची नळी घेतली, लांबी २५० मिमी. वायर आतून जाते. ६००० नंबरचं बेअरिंग (आतला व्यास १०, बाहेरचा २६, जाडी ८) या नळीवर बसतं. आट्यांमुळे किंचित ढिलं होतं, तिथे टेफ्लॉन टेपचे दोन वेढे दिले की खुळखुळ थांबते. एक बेअरिंग तळात, दुसरं बारकोनाच्या वरच्या चकतीत. दोन्हींमध्ये जितकं अंतर जास्त, तितका ड्रम कमी डुगडुगतो.

बारकोनी चकत्या ६ मिमी एमडीएफच्या, लेझरने कापलेल्या. लेझर स्वतः थोडं खातो, म्हणून बेअरिंगचं भोक ड्रॉइंगमध्ये २५.८ काढलं. बेअरिंग हाताने दाबून घट्ट बसलं.

१८ ऑगस्ट. कड आणि पहिले आरसे

कडेसाठी ०.८ मिमी ॲल्युमिनियमचा पत्रा तळाच्या चकतीभोवती गुंडाळून छोट्या स्क्रूंनी बसवला. सांधा एकावर एक आणला तर आत पायरी तयार होते आणि पट्टी तिथे फुगते. टोकाला टोक भिडवून बाहेरून पत्र्याचा तुकडा रिव्हेट केला. तळाच्या वर कडेची उंची १०० मिमी ठेवली. आरसे ६० मिमी उंचीचे, पट्टीइतकेच. सिलिकॉनने चिकटवले.

२५ ऑगस्ट. पहिली फेरी: चित्राचं डोकं गायब

चाचणीसाठी प्रत्येक घरात माणसाची साधी रेघाकृती असलेली पट्टी लावली. समोर बसून पाहिलं तर पाय दिसत नाहीत. वाकून वरून पाहिलं तर पाय दिसतात पण डोकं कापलं जातं. कारण उंचीच्या हिशेबात आहे आणि हे माप बांधणीच्या बऱ्याच नकाशांवर नसतं, म्हणून इथे सविस्तर लिहितो.

डोळ्यातून निघालेली रेषा जवळच्या कडेवरून उतरते, आरशावर आपटते आणि उतरत उतरतच परत त्याच जवळच्या कडेच्या आतल्या बाजूला येते. जाताना ६० मिमी, येताना ६० मिमी. म्हणजे पट्टीचा सगळ्यात खालचा बिंदू दिसायला रेषेने या १२० मिमीत निदान कडेच्या उंचीइतकं तरी उतरलं पाहिजे. कड ६० ची असेल तर उतार दोनास एक, म्हणजे साधारण २७ अंश. हा खुर्चीवर बसलेल्या माणसाचा नैसर्गिक कोन आहे. कड १०० ची असेल तर ४० अंशांवर जावं लागतं, आणि मग मान मोडते.

आता आरसा. त्याच दोनास एक उतारावर पट्टीचा तळ आरशावर ३० मिमी उंचीला दिसतो आणि माथा ९० मिमीला. म्हणजे आरशाचा कामाचा भाग ३० ते ९० असा आहे. ६० मिमीचा आरसा तळावर उभा केला तर पट्टीचा खालचा अर्धाच भाग सापडतो. डोकं तिथेच गेलं होतं.

दुरुस्ती: कड पट्टीपेक्षा जेमतेम २ मिमी उंच, म्हणजे ६२. आरसे १०० मिमी उंच. जागेवर असलेला पत्रा कात्रीने कापून पाहिला, पण कड लाटांसारखी झाली. शेवटी नवा पत्रा घेतला. वरची धार कानशीने मारून तिच्यावर उभी चिरलेली वायरची प्लॅस्टिक नळी बसवली, कारण मुलं ड्रम कडेला धरूनच फिरवणार.

१ सप्टेंबर. चित्र सरकतं का, ते तपासणं

नवे आरसे कापायला टाकले. गणपती तोंडावर असल्यामुळे ते विसर्जनानंतरच मिळतील. जुन्या आरशांवर पट्टीच्या खालच्या भागाची चाचणी तरी होते.

या चाचणीची पट्टी हवीच. बाराही घरांत एकाच उंचीवर, घराच्या बरोब्बर मध्यावर, बारीक अधिकचं चिन्ह. आरसे योग्य असतील तर ड्रम फिरताना चिन्ह गोठल्यासारखं दिसतं. आपलं चिन्ह दर घराला बाजूला सरकत होतं आणि झटक्याने परत येत होतं. साधारण दीड मिलिमीटर.

सरकण्याची दिशा बघा, तीच दोष सांगते. ड्रमची जवळची कड जिकडे जाते तिकडेच चिन्ह सरकत असेल तर आरसे आसापासून जास्त लांब आहेत. उलट सरकत असेल तर जास्त आत आहेत. आपले लांब होते. सिलिकॉनचा थर दीड मिलिमीटर जाड झाला होता आणि त्यामुळे परावर्तन ६० ऐवजी ६१.५ वर गेलं होतं. आरसा जितका चुकतो, त्याच्या दुपटीने प्रतिमा आसापासून सुटते, म्हणजे ३ मिमी. तीस अंशांच्या फेऱ्यात ती दीड मिलिमीटर फिरते.

इथे एक गोष्ट हाती लागली. आरसे बाहेर गेले तर सगळं उकलून पुन्हा लावण्याशिवाय इलाज नाही, कारण कड बाहेर ढकलता येत नाही. पण आरसे थोडे आत राहिले तर पट्टीमागे पुठ्ठा घालून ती तेवढीच आत आणता येते. म्हणून मुद्दाम आत ठेवायचे. नव्या चकत्या ११७.५ मिमीच्या कापून घेतल्या आणि आरशांसाठी ०.२ मिमीची दुतोंडी टेप आणली.

१५ सप्टेंबर. उजेड

वर एलईडीची पट्टी, १२ व्होल्टची, मीटरला ६० दिव्यांची. विजेच्या सामानाच्या तपकीर गल्लीत सहज मिळते. ८० मिमी व्यासाच्या चकतीभोवती २५० मिमी लागते. ही पट्टी दर तीन दिव्यांनी, म्हणजे ५० मिमीवर कापता येते, त्यामुळे पाच तुकड्यांचं माप नेमकं बसलं. वर शंकूच्या आकाराचं झाकण, १५० मिमी व्यासाचं, आतून पांढरं. दिवे तळापासून १२५ मिमी उंचीवर.

खोलीतल्या साध्या एलईडी बल्बखाली आरशांच्या कडांचा कंगवा दिसत होता, साधारण चार मिलिमीटरच्या अंतराने उभ्या रेघा. स्वस्त बल्ब सेकंदाला १०० वेळा लुकलुकतो आणि सेकंदाला एक फेरा घेणाऱ्या ड्रमवर आरशाची कड त्या दोन उजेडांच्या मध्ये पावणेचार मिलिमीटर पुढे जाते. डीसी अडॅप्टरवर चालणाऱ्या पट्टीला ही लुकलुक नाही. यंत्र सुरू असताना खोलीतला बल्ब बंद ठेवायचा.

जुने आरसे काढताना तीन आरशांच्या मुलाम्यावर तपकिरी डाग दिसले. व्हिनेगरसारखा वास येणारं सिलिकॉन आरशाचा मुलामा खातं. आरशाला न्यूट्रल सिलिकॉन किंवा टेप, बाकी काही नाही.

२२ सप्टेंबर. नवे आरसे

१०० मिमीचे आरसे बसवले. काचेच्या कडा काळ्या मार्करने रंगवल्या. तसं केलं नाही तर दर घराला एक पांढरी चमक डोळ्यावर येते. पट्टीमागे अर्धा मिमीचं कार्ड घातल्यावर चिन्हाचं आडवं सरकणं थांबलं.

उभी उडी मात्र राहिली. फेऱ्यात एकदा चिन्ह वर उचकत होतं. एकदाच उचकतं म्हणजे एकच आरसा तिरका. आरशांना पाठीमागे आकडे घातले होते, त्यामुळे ड्रम हळू फिरवून सातवा सापडला. आरसा एक अंशाने कलला की चित्र दोन मिलिमीटर उचलतं, म्हणून डोळ्याने सरळ दिसणारा आरसाही सरळ असेलच असं नाही. वरच्या टेपमागे ०.२ मिमी कार्डाचा तुकडा सरकवला की चित्र पाव मिलिमीटर हलतं. तसे तुकडे घालत सगळे आरसे चिन्हावर आणले. संध्याकाळ त्यातच गेली, पण हा वेळ वाचवू नका.

मग उजेडाने दगा दिला. पट्टीचा खालचा अर्धा भाग अंधारात. आधी बुटक्या आरशांवर १२५ ची उंची ठीक होती, आता उंच आरशांच्या माथ्याची सावली पट्टीवर पडत होती. दिवे १४० मिमीवर नेले आणि सावली तळाच्या खाली गेली. आरशाची उंची बदलली की दिव्याची उंची पुन्हा मोजायची.

२९ सप्टेंबर. पट्टीचा कागद

प्रिंटरवर "पानात बसवा" हा पर्याय चालू राहिला तर पट्टी सुमारे तीन टक्के आखडते आणि ड्रममध्ये दोन सेंटिमीटरची फट राहते. मूळ मापातच छापा. एका तुकड्यात ७५४ मिमी मिळत नाही, म्हणून एथ्री कागदाचे दोन तुकडे, टोकाला टोक, मागून टेप. कागद आणि कार्डाची जाडी आत आल्यामुळे प्रत्यक्षात ७५० मिमीच बसतात. आधी कोरी पट्टी कापून ड्रममध्ये बसवा, मग घरं आखा.

कागदाचा धागा, म्हणजे त्यातल्या तंतूंची दिशा, पट्टीच्या उंचीच्या दिशेने असावा. आडवा असला तर पट्टी गोल होताना मोडते आणि प्रत्येक मोड आरशात रेघ होऊन दिसते. कागदाचा एक चौकोनी तुकडा दोन्ही दिशांनी वाकवून बघा, तो सहज वाकतो ती दिशा कळते. पट्टी त्याच दिशेने गोल व्हायला हवी.

मुख्य मुद्दा घराच्या रुंदीचा आहे. घर ६२ मिमीचं, पण आरसा ३२ चा. हातभर अंतरावरून त्यातून पट्टीचा जेमतेम ३६ मिमी भाग दिसतो. घरभर पसरलेलं चित्र आरशाच्या कडेला कापलं जातं आणि शेजारच्या घरातला तुकडा त्याला चिकटतो. आकृती मधल्या ३४ मिमीतच हवी, बाजूला मोकळी जागा. रेनोच्या छापील पट्ट्या बघताना हेच जाणवतं: साबणाचे फुगे उडवणारं मूल, दाणे टिपणारी कोंबडीची पिल्लं, आकृती मध्यावर आणि भोवती मोकळं. चित्रकार म्हणून त्याची शिस्त इथे दिसते. आरशाने दिलेली चिंचोळी जागा त्याने अडचण मानली नाही, तिच्यातच बसतील अशा हालचाली निवडल्या. १८७९ च्या प्रॅक्सिनोस्कोप थिएटरमध्ये तर त्याने आकृतीभोवतीचा भाग काळा केला आणि काचेतून परावर्तित होणारा वेगळा देखावा तिच्याभोवती मांडला. आकृती आणि पार्श्वभूमी वेगळी ठेवण्याची रीत पुढच्या ॲनिमेशनमध्येही दिसते.

आरशात डावं-उजवं उलटतं. अक्षरं असतील तर उलटी काढा. पट्टीमागे फिरवण्याच्या दिशेचा बाण काढून ठेवा.

६ ऑक्टोबर. कांडण

उभ्या, अरुंद जागेत चपखल बसणारी हालचाल म्हणून मुसळाने कांडणारी बाई घेतली. पहिल्या पट्टीत मुसळ सहा चित्रांत वर, सहा चित्रांत खाली, सारख्या टप्प्यांनी. फिरवल्यावर मुसळाला वजनच नाही, पाण्यात बुचकळल्यासारखं वरखाली होतं. सारखे टप्पे हे त्याचं कारण. वजनदार वस्तू उचलताना वेळ लागतो, वर क्षणभर थांबते आणि पडताना वेग घेते.

दुसऱ्या पट्टीतली मुसळाची उंची, मिलिमीटरमध्ये, पहिल्या घरापासून: ०, १.५, ४, ८, १३, १७, २०, २१.५, २२, २१, १७, ९, आणि पुन्हा ०. वर जायला आठ टप्पे, खाली यायला चार. शेवटच्या दोन टप्प्यांत ८ आणि ९ मिमीची झेप आहे, म्हणून आघात बसल्यासारखा वाटतो. बाराव्या घरातून पहिल्यात जाणारा टप्पाही इतरांसारखाच मोजायचा. पट्टी गोल आहे, तिला शेवट नाही.

मुसळापाठोपाठ खांदा एका घराने उशिरा हलवला आणि पदराचं टोक दोन घरांनी. एवढ्याने बाई जिवंत झाली. आघाताच्या घरात, म्हणजे पहिल्यात, उखळातून उडणारे चार दाणे काढले आणि दुसऱ्यात दोन. एकाच घरात काढले होते तेव्हा ते कागदावरच्या डागासारखे वाटत होते. दोन घरांत आले की डोळा त्यांना उडताना पकडतो.

चित्रं एकावर एक जुळवण्यासाठी साधं दोन भोकांचं पंच वापरलं. भोकांमधलं अंतर ८० मिमी असतं, पाटीवर त्याच अंतराने दोन खुंट्या बसवल्या. काचेखाली उरलेली एलईडी पट्टी लावून खालचं चित्र दिसेल असं केलं.

खर्च, सगळं धरून: बेअरिंग दोन २४० रुपये, नळी ६०, प्लायची चकती ४००, लेझर ४५० आणि पुन्हा ३५०, आरसे ३६० आणि पुन्हा ५४०, पत्रा २५० दोनदा, एलईडी १५०, अडॅप्टर १८०, टेप १२०, छपाई-कागद २००. एकूण ३,५५०. वरची मापं आधीपासून पाळली तर २,६०० च्या आत होईल.

१३ ऑक्टोबर. मोटर काढली

मिनिटाला ६० फेऱ्यांची गिअरवाली मोटर आणि रबरी पट्टा लावून पाहिला. चालतो छान, सेकंदाला बारा चित्रं. पण तासाभरात काढून टाकला.

कारण रेनोच्या हिशेबात सापडतं. ग्रेव्हाँ संग्रहालयात दाखवलेल्या "पोव्र पिएरो" या खेळाची पट्टी ५०० चित्रांची, ३६ मीटर लांब, म्हणजे दर चित्राला ७.२ सेंटिमीटर. बारा चित्रांच्या वेगाने ती ४२ सेकंदांत संपेल. खेळ मात्र १२ ते १५ मिनिटं चाले. चालवणारा, बहुतेकदा रेनो स्वतः, दोन हातांनी पट्टी पुढे नेई, मागे आणी, एखाद्या चित्रावर थांबे, पुन्हा तोच तुकडा फिरवी. जिलेटिनच्या तुकड्यांवर स्वतः रंगवलेली चित्रं आणि त्यांना चालवणारा हात, दोन्ही त्याचेच. एकसारख्या वेगाचं यंत्र हे काम करू शकत नव्हतं आणि हा खेळ दुसऱ्या कुणाला सहज देताही येत नव्हता. पुढे फोटोंच्या सिनेमाने १९०० च्या सुमारास त्याची जागा घेतली. रेनोने नंतर बहुतेक पट्ट्या सेन नदीत टाकल्या. १९१८ मध्ये तो गेला. मोठ्या पट्ट्यांपैकी "पोव्र पिएरो" आणि "ओतूर द्यून काबीन" एवढ्या दोनच वाचल्या. त्या काळच्या चित्रकलेचं हे फार मोठं नुकसान आहे.

तेव्हा ड्रम हातानेच. कांडणाची पट्टी हळू फिरवली तर मुसळ वर रेंगाळतं, जोरात फिरवली तर ताल धरतं, आणि उलटी फिरवली तर दाणे उखळात परत जातात. मुलांना हे तिन्ही करून बघता यायला हवं.

२० ऑक्टोबर. उरलेलं

कडेच्या बाहेर बोट अडकवायला चार पकडी चिकटवल्या, म्हणजे मुलांचा हात पट्टीपर्यंत जाणार नाही. तळाखाली रबरी पाय. खालच्या बेअरिंगवर धूळ येऊ नये म्हणून पातळ वॉशर. चिन्हाची पट्टी यंत्राबरोबर डब्यातच ठेवायची. कुठेही नेलं की आधी तीच लावून बघायची, कारण प्रवासात एखादा आरसा हलला तर तो तिच्यावर लगेच कळतो.

कोऱ्या पट्ट्या आखून ठेवल्या आहेत: ७५० मिमी, बारा घरं, प्रत्येक घराच्या मध्यावर ३४ मिमीचा फिकट चौकोन. मुलांनी त्या चौकोनातच काढायचं. आधी एक ठिपका वरखाली जाऊ दे, आकृती नंतर.